बोटाने वाचलेली बरणी

घाटाखालच्या एका पेठेत एकेकाळी एक वृद्ध वैद्य राहत असत. पंचक्रोशीत त्यांना वैद्यबुवा म्हणत. त्यांच्या औषधशाळेत लाकडी फळ्यांवर सव्वाशे बरण्या मांडलेल्या होत्या आणि प्रत्येक बरणीवर शाईने नाव लिहिलेली चिठ्ठी डकवलेली होती. बुवांचा शिष्य एकच, मोरेश्वर. बारा वर्षे तो त्यांच्यापाशी शिकला होता. आता तिशी उलटली होती आणि बुवांच्या मागे औषधशाळा तोच चालवणार, हे सर्वांनी गृहीत धरले होते.

मोरेश्वराला मात्र सहा महिन्यांपासून एका भीतीने घेरले होते. त्याची दृष्टी जात होती. आधी दिवेलागणीला अंगणातली माणसे दिसेनाशी झाली. मग ओळखीच्या पायरीवर पाय चुकू लागला. मग एके सकाळी त्याने बरणी हातात घेतली, तेव्हा चिठ्ठीवर अक्षरांच्या जागी काळसर डाग तेवढा उरला होता.

त्याने कुणाला सांगितले नाही. बरण्यांच्या जागा पाठ केल्या. खालून तिसरी फळी, डावीकडून चौथी, अतिविष. त्याच फळीवर सहावी, नागरमोथा. हात बरण्या मोजत जाई आणि तोंडाने तो रोग्याशी बोलत राही, कुणाला संशय येऊ नये म्हणून. पुडी बांधण्याआधी चिमूटभर चूर्ण जिभेवर ठेवून खात्री करून घेई. तरीही पुडी दाराबाहेर गेली की त्याचे काम संपत नसे. दिवसभर तो कान देऊन बसे. पेठेत कुठे बाईच्या रडण्याचा आवाज आला की आपण सकाळपासून कुणाकुणाला काय दिले, ते तो मनात पुन्हापुन्हा आठवू लागे.

पेठेत भिवरा नावाची टोपल्या विणणारी एक बाई होती. एके दिवशी ती आपल्या दोन वर्षांच्या मुलीला घेऊन आली. मुलगी तापाने फणफणली होती, पोटही बिघडले होते. बुवा मागच्या अंगणात काढा उकळत होते. दारात आणखी पाच-सहा जण खोळंबले होते आणि मुलगी सारखी रडत होती. मोरेश्वराने तिसऱ्या फळीवरची चौथी बरणी उचलली, चूर्ण काढले, पुडी बांधली. त्या गडबडीत जिभेवर ठेवून पाहायचे राहिले.

भिवरा पायऱ्या उतरत असताना बुवा आत आले. मोरेश्वराच्या हातात उघडी बरणी होती. तिच्यावर त्यांची नजर पडली आणि ते तसेच तिच्या मागे बाहेर गेले.

"भिवरा, थांब. ती पुडी दे."

त्यांनी पुडी घेतली, चुलीत टाकली, दुसरी बांधून दिली. मग तिला समोर बसवून त्यांनी खरे ते सांगितले. पहिल्या पुडीत अतिविष नव्हते, बचनाग होता. दोन्ही मुळ्या एकाच जातीच्या. एकीने लेकरू बरे होते, दुसरीने ते संध्याकाळही पाहत नाही.

भिवराने मुलीला छातीशी घट्ट धरले. "माझी एकच हाय, बुवा," एवढे म्हणून ती गेली.

दारातली माणसेही एकेक करून निघून गेली. मोरेश्वर भिंतीला टेकून उभा होता.

"बरणी मीच हलवली होती," बुवा म्हणाले. "सकाळी बचनाग खलायला काढला आणि परत ठेवताना जागा चुकलो. पण चिठ्ठी होती वर. तू वाचली नाहीस."

"वाचता येत नाही, गुरुजी."

"कधीपासून?"

"सहा महिने झाले असतील."

बुवांनी त्याला उजेडात बसवले, डोळ्यांच्या पापण्या उलटून पाहिल्या, दिव्याची वात जवळ नेऊन पाहिले. अखेर म्हणाले, "ही दृष्टी मला परत आणता येणार नाही. आहे तेवढीही टिकणार नाही. तुला खोटं सांगण्यात अर्थ नाही."

"मग मी गावी जातो. इथे राहिलो तर कुणाचा तरी जीव जाईल माझ्या हातून."

"जाशील तेव्हा जा. बारा वर्षांची विद्या तुझ्याबरोबर जाईल, ती मी पुन्हा कुणाला देऊ? एवढं आयुष्य माझ्याकडे उरलेलं नाही. तुझी दृष्टी गेली, मोरेश्वरा. अजून तुला अतिविष माहीत आहे, बचनाग माहीत आहे. बरणीत काय आहे, एवढंच कळत नाही. त्याचं काही होतं का ते पाहू."

दुसऱ्या दिवसापासून दोघे कामाला लागले. लाख वितळवून बुवांनी बरण्यांवर अक्षरे काढली, जाड आणि उठावाची, बोटाला लागतील अशी. मोरेश्वर एकेका अक्षरावरून बोट फिरवी. काना लागे, वेलांटी लागे. एक नाव वाचायला त्याला इतका वेळ लागे की चुलीवरचा काढा आटून जाई. तरी महिन्याभराने तो म्हणाला, "आता जमतं."

बुवांनी दोन बरण्या त्याच्यापुढे ठेवल्या. "यांतला वेखंड काढून दे."

वेखंडाच्या बरणीवर 'वचा' असे लिहिलेले होते. मोरेश्वराने एका बरणीवर बोट ठेवले. व, मग च. पुढचे त्याने वाचले नाही, मनानेच जोडले आणि झाकण उघडले. वेखंडाचा उग्र वास आला नाही. त्याने पुन्हा बोट फिरवले. पोटातली एक तिरपी रेघ सोडली, तर ब आणि व यांत फरक तो काय. ती रेघ त्याच्या बोटाला लागलीच नव्हती. हातातली बरणी बचनागाची होती.

त्याने झाकण घट्ट बसवले आणि बरणी खाली ठेवली.

"वेखंडाला वास आहे म्हणून कळलं," तो म्हणाला. "ज्यांना वास नाही त्यांचं काय?"

त्या दिवसापासून मोरेश्वर औषधशाळेत पाऊल टाकीनासा झाला. बाहेरच्या ओट्यावर बसून राही. आता त्याला माणसे नुसत्या सावल्यांसारखी दिसत. उद्या त्याही दिसणार नाहीत, या विचाराने तो सकाळी डोळे उघडायलाही भिई. आधी पापण्यांवर ऊन जाणवेपर्यंत तसाच पडून राही.

ओट्यासमोरच्या झाडाखाली हैबती नावाचा दोर वळणारा बसत असे. लहानपणी देवी येऊन त्याचे दोन्ही डोळे गेले होते. वाखाच्या तंतूंचे पेड त्याच्या हातांतून सरसर फिरत आणि विहिरीचा दोर, बैलांचे कासरे, शिंकी असे सगळे तो न चुकता करी. मोरेश्वर त्याच्याजवळ जाऊन बसू लागला. एकदा त्याने विचारले, "हैबती, कुणाचा दोर किती हातांचा, हे तुम्हाला कसं आठवतं?"

"आठवायचं कशाला? दोरालाच बांधून ठिवतो की." हैबतीने दोराचे टोक त्याच्या हातात दिले. तिथे बारीक गाठी होत्या, काही जवळजवळ, काही अंतराने. "ह्यो पाटलाचा. वीस हात. हितं बघा."

मोरेश्वराने गाठींवरून बोट फिरवले. एकाच फेरीत त्या कळल्या. त्याने लाखेच्या अक्षरांची हकिकत सांगितली, ब आणि व यांची चूकही सांगितली.

हैबतीला अक्षर कसले असते ते ठाऊक नव्हते. त्याने विचारले, "त्या अक्षराला रेघा असत्यात व्हय? मंग कसं कळंल. रेघंवरनं बोट घसरत जातं. गाठीवर थांबतं."

मोरेश्वर उठला आणि भिंतीला हात लावत औषधशाळेत गेला. कित्येक दिवसांनी तो आपणहून आत आला होता.

पुढचे तीन महिने त्याने एकच काम केले. अक्षरांचे आकार त्याने सोडून दिले. ते डोळ्यांसाठी घडवलेले होते. त्याने वर्णमाला घेतली. क-वर्ग पहिला, च-वर्ग दुसरा, असे पाच वर्ग आणि प्रत्येकात पाच अक्षरे. य, र, ल, व यांचा सहावा वर्ग, श-ष-सपासून पुढचा सातवा. लाखेची एक आडवी काडी काढायची. काडीच्या वर ठिपके द्यायचे, ते वर्ग सांगतील. खाली ठिपके द्यायचे, ते वर्गातले स्थान सांगतील. ठिपके ओळीने दिले तर मोजत बसावे लागते, म्हणून ते त्याने फाशावर असतात तसे जुळवून मांडले. चार म्हटले की चौकोन, पाच म्हटले की मध्ये एक, सात म्हटले की सहांवर आणखी एक. काना-मात्रांच्या खुणा काडीच्या उजव्या टोकाला; अ म्हणजे नुसती कोरी काडी. आता ब म्हणजे वर पाच, खाली तीन. व म्हणजे वर सहा, खाली चार. दोन्हींत गोंधळ होण्याजोगे काही उरले नाही. पुढे त्याला सुचले की जाड कागदावर उलट बाजूने दाभण टोचले तर सुलट बाजूला हेच ठिपके उमटतात. म्हणजे बरणीवरचेच काय, मनातलेही लिहिता येते.

हे सगळे जमेपर्यंत त्याची उरलीसुरली नजरही गेली. ती नेमकी कोणत्या दिवशी गेली, ते त्याला सांगता आले नाही.

बुवांनी बरण्यांच्या जागा उलटसुलट करून त्याची परीक्षा घेतली. शंभरपैकी शंभर वेळा बरोबर. तरी ते म्हणाले, "हैबतीला शिकव."

"त्याला कशाला, गुरुजी? त्याला कुठे औषधं द्यायची आहेत?"

"तू लिहावं आणि तूच वाचावं, ही तुझी आठवण झाली. तू लिहिलेलं दुसऱ्याने वाचलं तर ते लेखन."

हैबती शिकला. त्याची बोटे मोरेश्वरापेक्षा चपळ होती. अक्षर म्हणजे काय हे आयुष्यात प्रथमच कळल्यावर तो काही दिवस दोर वळता वळता स्वतःचे नाव ठिपक्यांत मांडून पाही.

पेठेत मात्र वेगळेच बोलणे चालले होते. भिवराच्या पुडीची गोष्ट घरोघर गेली होती. आता बरण्यांवर चिठ्ठ्या नाहीत, नुसते पुरळ उठल्यासारखे ठिपके आहेत, आणि दोन आंधळे त्यांवर हात फिरवत बसतात, हे लोकांनी पाहिले. कुणी म्हणाले, हा चेटकाचा प्रकार आहे. हैबतीच्या बाबतीत काहींना त्याच्या आंधळेपणाची अडचण होती, काहींना त्याच्या जातीची. लोक दारात येऊन विचारीत, "बुवा आहेत का?" नसले तर तसेच परत जात. तापाने लाल झालेली लेकरे कडेवर घेऊन परत जात. मोरेश्वराला पावले दूर जाताना ऐकू येत. आपल्याला भितात, हे त्याला कळत होते, आणि लोकांचे चुकते आहे असे त्याला मनापासून म्हणताही येत नव्हते.

भाद्रपदात बुवाच आजारी पडले. ताप आणि हगवण. तीन दिवसांत अंगात उठून बसण्याचे त्राण राहिले नाही. बातमी कळताच पेठ दारात जमली. भिवराही आली. कुणीतरी म्हणाले, तालुक्याहून दुसरा वैद्य आणू. बुवांनी हात वर करून सर्वांना गप्प केले.

"भिवरा, आत ये," ते म्हणाले. "तुला वाचता येतं?"

"न्हाई, बुवा."

"बरं. खालच्या फळीवर आठ बरण्या आहेत. त्यांच्या जागा तुला हव्या तशा बदल. कुणाला सांगू नकोस."

भिवराने बरण्या हलवल्या. त्या आठांत अतिविष होते आणि बचनागही होता, हे मोरेश्वराला माहीत होते.

"मोरेश्वरा, माझा रोग तू तपासला आहेस. औषध कागदावर लिही. हैबती, तू ते वाच आणि काढून दे. दोघांनी एकमेकांशी बोलायचं नाही."

मोरेश्वराने दाभण घेतले. त्याने लिहिले, हैबतीच्या हातात कागद गेला. हैबती फळीपुढे बसला. पहिली बरणी, दुसरी, तिसरी. पाचव्या बरणीवर त्याचे बोट थांबले, पुढे गेले, पुन्हा मागे आले. त्याने झाकण काढले आणि चूर्ण मधात कालवून वाटी बुवांपुढे धरली.

तेव्हा बुवांनी उपरण्याचा पदर घेऊन आपल्या डोळ्यांवर बांधला. जमलेल्यांत कुजबुज झाली. त्यांचे डोळे शाबूत होते. एकदा वाटीत पाहिले असते तरी पुरे होते.

"गुरुजी," मोरेश्वर म्हणाला. "एकदा बघून घ्या. मी पाया पडतो."

बुवांनी वाटी तोंडाला लावली आणि चाटण संपवले.

मोरेश्वराने चाचपडत त्यांचा हात धरला आणि नाडीवर बोटे ठेवली. बचनाग पोटात गेला तर आधी ओठांना मुंग्या येतात, मग जीभ बधिर होते, मग नाडी अडखळू लागते. बारा वर्षांपूर्वी हे त्याला याच माणसाने शिकवले होते.

"चव कशी आहे, गुरुजी?"

"कडू."

अतिविष कडू असते. पण मध होता, ताप होता, आणि तापात माणसाला सगळेच कडू लागते.

"ओठ?"

"ओठांना काही नाही. अजून थांब."

वेळ मोजायला घटका, म्हणजे तळाला छिद्र असलेली वाटी, पाण्यात सोडली होती. पाण्यात तरंगणारी ती वाटी भरून बुडेपर्यंत कुणी जागचे हलले नाही. नाडी जलद होती, तापाची. एकदा ती चुकल्यासारखी वाटली; मग मोरेश्वराच्या लक्षात आले की त्याचीच बोटे थरथरत होती. हैबती भिंतीशी उकिडवा बसला होता आणि दोन्ही हात एकमेकांवर घासत होता. आपण वाचले ते बरोबर होते, असे तो मनाशी घोकत होता, आणि जितके घोकत होता तितकी शंका वाढत होती. भिवराने तोंडात पदर धरला होता. बरण्या तिच्याच हातांनी हलल्या होत्या.

घटका बुडाली.

"जीभ?" मोरेश्वराने विचारले.

"जिभेला सगळं कळतंय. पाणी दे."

मोरेश्वराने पाणी दिले आणि त्याला रडू कोसळले. बुवांनी डोळ्यांवरचा पदर सोडला. बाकीचे लोक हळूहळू पांगले, तेव्हा त्याने विचारले, "असं का केलंत? नजर टाकली असती तर काय बिघडलं असतं?"

"मी पाहिलं असतं, तर औषध माझ्या डोळ्यांनी दिलं असं झालं असतं," बुवा म्हणाले. "उद्या मी नसेन. मग लोक म्हणतील, तेव्हा बुवा पाहत होते, आता कोण पाहणार? तुझ्या लेखनावर आधी कुणीतरी जीव टाकायला हवा होता. भिवराच्या मुलीने टाकावा, असं म्हणायचा मला अधिकार नव्हता. माझा जीव माझा होता."

"तुम्हाला भीती वाटली नाही?"

"वाटली. वाटी ओठाला लागली तेव्हा फार वाटली. सहा महिने तू जी बाळगलीस, तीच असेल. ती चांगली असते, मोरेश्वरा. दुसऱ्याच्या जिवाला जपणाऱ्यालाच ती होते. पण तू ती लपवलीस आणि एकट्याने वाहिलीस, म्हणून पुडी चुकली. लपवलेल्या भीतीला काही करता येत नाही. तू ती सांगितलीस आणि मग तिने तुझ्याकडून अक्षरं घडवून घेतली."

आपण इतके दिवस जिच्यापासून पळत होतो, तिनेच आपल्याला इथवर आणले, हे मोरेश्वराला त्या क्षणी पुरते उमगले.

बुवा बरे झाले आणि पुढे तीन वर्षे जगले. त्या तीन वर्षांत त्यांनी आपली सगळी औषधे सांगितली आणि मोरेश्वराने ती दाभणाने कागदावर टोचून ठेवली. आसपासच्या गावांतून पाच आंधळी माणसे ते वाचायला शिकून गेली. लोक एकाएकी धीट झाले असे नाही. पण दारात येऊन परत जाणारी पावले कमी होत गेली.

बुवांच्या निधनानंतर औषधशाळा उघडली त्या पहिल्या सकाळी मोरेश्वर पहिली पुडी बांधत होता. हैबती दोर वळायचे सोडून त्याच्या शेजारी येऊन बसला होता. बराच वेळ बोटांची चाहूल ऐकून त्याने विचारले, "दादा, अजून भ्या वाटतं?"

"वाटतं," मोरेश्वर म्हणाला. "म्हणून दोनदा वाचतो."